बायकोला बॉस्टनच्या फ्रेंच लायब्ररीत क्लास लावून द्यावा का? पैसे वसूल होतात का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: नुकतेच बॉस्टनला आला आहात, बायको एच-फोरवर, म्हणजे तुमच्या नोकरीच्या व्हिसावर अवलंबून असणाऱ्या जोडीदाराच्या व्हिसावर आहे, घरी कंटाळते. तर तिला मार्लबरो स्ट्रीटवरच्या फ्रेंच लायब्ररीत क्लास लावून द्यावा का, पुढेमागे कॅनडाच्या पीआरला (कायम राहण्याच्या परवान्याला) उपयोग होईल का, आणि ‘एवढे पैसे वसूल होतात का’.

‘लावून द्यावा का’ हे आधी तिला विचारा. ती आठवीत नाही. मला आठवीत लावून दिलं होतं. संस्कृत की फ्रेंच यावर आमच्या पुण्याच्या घरी जी काही चर्चा झाली ती ‘फ्रेंच स्कोअरिंग आहे’ या एका वाक्यात संपली. दहावीला मार्क भरपूर पडले. क्रियापदं झोपेत चालवून दाखवली असती, पण कोणी ‘कशी आहेस’ विचारलं तर त्ततपप.

मग लग्न, मग बॉस्टन, मग एच-फोर. तेव्हा एच-फोरवाल्यांना कामाचं कार्ड मिळतच नव्हतं, तो नियम 2015 मध्ये आला. आणि आजही ते सगळ्यांना मिळत नाही, नवऱ्याचं ग्रीन कार्डाचं गाडं एका टप्प्यापर्यंत गेलेलं असावं लागतं. शिकायला मात्र तेव्हाही बंदी नव्हती. म्हणून मी तिथे गेले. माझं लेखी बघून बाईंनी मला वरच्या वर्गात घालायचं ठरवलं. मग मी तोंड उघडलं, आणि त्यांनी विचार बदलला.

वर्गात माझ्याशेजारी लोवेलची एक बाई बसायची, साठीच्या पुढची. लोवेल, लॉरेन्स, फॉल रिव्हर या गावांतल्या कापडगिरण्यांत एके काळी क्यूबेकमधून माणसं भरभरून आली. लेखक जॅक केरुआकही लोवेलचाच, त्याची घरची भाषा फ्रेंच होती, इंग्रजी नंतर शिकला. तर या बाईची आजी गिरणीत होती. हिला आजीची फ्रेंच फर्डी बोलता यायची, पण एक ओळ लिहिता येत नव्हती, कारण शाळा सगळी इंग्रजीत. माझं नेमकं उलटं. ती माझं बोलणं सुधारायची, मी तिचं लिहिणं. आमच्या मागच्या बाकावर बॉस्टनच्या मॅटापॅन भागातला एक हैतीयन पोरगा होता, तो दोघींना हसायचा. हे तुम्हाला ऍपमध्ये मिळणार नाही. पॅरिसमध्येही मिळेल असं नाही.

आता ‘पैसे वसूल’कडे येते, कारण उत्तर लिहायला बसले ते त्या दोन शब्दांमुळे.

आमच्याकडच्या एका मराठी मंडळात एक ज्येष्ठ काका होते. दिवाळीच्या कार्यक्रमात, फराळाच्या रांगेत, चार लोकांसमोर ते मला म्हणाले, “मराठी शाळेला शिक्षक मिळत नाहीत आणि तू पैसे भरून परक्यांची भाषा शिकायला जातेस? काय वसूल होतं त्यातून?” मी तेव्हा दर रविवारी त्याच मराठी शाळेत शिकवत होते. त्यांना ते माहीत नव्हतं, कारण शाळेकडे ते कधी फिरकलेच नव्हते.

मी म्हटलं, “काका, त्यांच्याकडे स्वतःची इमारत आहे, मजलेच्या मजले पुस्तकं आहेत, पगारी शिक्षक आहेत. आपल्याकडे कोणाच्या तरी बेसमेंटमध्ये दिवाळी अंकांची खोकी आहेत, आणि त्यांना बुरशी येतेय.”

काका म्हणाले, “त्यांच्यामागे फ्रेंच सरकार आहे गं.”

सगळ्यांना असंच वाटतं. मलाही पुण्यात असताना अलायन्स फ्रान्सेज, म्हणजे फ्रेंच शिकवणारं केंद्र, हे फ्रेंच सरकारचं ऑफिसच वाटायचं. ही केंद्रं जिथे असतात तिथल्या लोकांनी काढलेल्या संस्था असतात, आणि अमेरिकेत तर सरळसरळ ना-नफा संस्था, स्वतःचं संचालक मंडळ असलेल्या. क्लासची फी, सभासदांची वर्गणी, देणग्या, वर्षाकाठी एखादी श्रीमंती मेजवानी, यावर गाडा चालतो. बॉस्टनची लायब्ररीही अशीच, 1945 ची. युद्धात फ्रान्स जर्मनांच्या ताब्यात होता तेव्हा इथे ‘स्वतंत्र फ्रान्स’ला मदत करणारी मंडळी होती, त्यांच्यातून ती निघाली. मार्लबरो स्ट्रीटवरचं, बॅक बे भागातलं घर मिळालं 1961 मध्ये, कॅथरीन लेन वीम्स या शिल्पकार बाईंकडून. हार्वर्डच्या जीवशास्त्राच्या इमारतीपुढे ब्राँझचे दोन प्रचंड गेंडे आहेत ना, ते यांचे. बाई फ्रेंच नव्हत्या, बॉस्टनच्याच होत्या.

आणि पुष्कळ वर्षं या लायब्ररीचे अध्यक्ष कोण होते? जॉर्ज दोरिओ. जन्म पॅरिसचा, हार्वर्ड बिझनेस स्कूलला प्राध्यापक, दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन सैन्यात ब्रिगेडियर जनरल. अमेरिकेतल्या व्हेंचर कॅपिटलचा, म्हणजे नव्या धंद्यांत जोखमीचं भांडवल घालण्याचा, जनक म्हणतात त्यांना. 1957 मध्ये त्यांच्या कंपनीने दोन तरुण इंजिनिअरांच्या धंद्यात 70,000 डॉलर घातले. तो धंदा म्हणजे डिजिटल इक्विपमेंट ही कॉम्प्युटर कंपनी, बॉस्टनजवळच्या मेनार्डच्या जुन्या लोकरीच्या गिरणीत सुरू झालेली.

आमचे काका डिजिटलचे. उभी हयात तिथे काढली, त्याच पगारावर घर घेतलं, मुलं शिकवली. इतका पैसा हाताळलेल्या दोरिओंना परगावात आपल्या भाषेची लायब्ररी चालवण्यात ‘काय वसूल होतं’ असा प्रश्न पडला नाही, तो काकांना पडला.

पुढच्या गुढीपाडव्याला मी हे सगळं त्यांना सांगितलं. ते म्हणाले, “इंटरेस्टिंग,” आणि श्रीखंड घ्यायला गेले.

माझं मत तेव्हापासून आहे ते आहे. आपल्या लोकांना भाषेसाठी पैसे मोजायची सवय नाही. पोराला रशियन मॅथला (गणिताच्या शिकवणीला) घालताना फी विचारत नाहीत, पियानोला विचारत नाहीत, पोहण्याला विचारत नाहीत. मराठी शाळेने वर्षाची नाममात्र वर्गणी मागितली की ‘विद्येचे पैसे कसले घ्यायचे’. मग शिक्षिका थकतात, शाळेचा हॉल बदलत राहतो, पुस्तकांची खोकी या बेसमेंटमधून त्या बेसमेंटमध्ये. मी फ्रेंच लायब्ररीत पुढे पुस्तकं लावायला जायचे, बिनपगारी. पण तिथे बिनपगारी माणसाच्या हाताशी एक पगारी ग्रंथपाल होती, ते पुस्तक कुठे ठेवायचं हे सांगायला. मंडळात सगळेच बिनपगारी, त्यामुळे सगळेच सांगायला.

बरं, कॅनडा. तुम्ही खरं तर तेच विचारलंत. फ्रेंचचा उपयोग होतो, आणि भरपूर होतो. पीआरची निवड गुणांवर होते. ऐकणं, बोलणं, वाचणं, लिहिणं या चारही कौशल्यांत एनसीएलसी 7 (कॅनडाच्या फ्रेंच मोजपट्टीवरची सातवी पातळी) आलं आणि इंग्रजीही ठीक असेल तर 50 गुण जादा मिळतात. शिवाय 2023 पासून फ्रेंच येणाऱ्यांचे वेगळे ड्रॉ, म्हणजे निवडीच्या फेऱ्या, निघतात, त्यांचा कटऑफ बहुतेक वेळा सर्वसाधारण ड्रॉपेक्षा बराच खाली असतो. मात्र त्यासाठी टेफ कॅनडा किंवा टीसीएफ कॅनडा ही परीक्षा द्यावी लागते. डेल्फ ही फ्रेंचची नेहमीची प्रमाणपत्र परीक्षा चालत नाही, कितीही वरची असो. डेल्फ जन्मभर टिकते, टेफ-टीसीएफचा निकाल दोन वर्षं. हे न बघता लोक डेल्फची बी-टू (वरची मध्यम) पातळी काढून बसतात. क्लास जिथे कराल तिथेच परीक्षा असेल असंही धरू नका, केंद्राची तारीख आधी बघा, जागा पटकन भरतात.

आणि एनसीएलसी 7 म्हणजे साधारण बी-टू. शून्यापासून तिथवर यायला 500-600 तास लागतात. आठवड्याला दोन-अडीच तासांच्या क्लासचा हिशेब तुम्हीच करा. पीआर एवढंच डोक्यात असेल आणि घाई असेल तर परीक्षेची तयारी करून घेणारा खासगी शिक्षक ऑनलाइन लावा, स्वस्त पडेल. पुण्यातल्या शिकवणाऱ्या बायका या कामात तरबेज आहेत.

राहवत नाही म्हणून एवढंही सांगते की काकांचं अगदीच चूक नव्हतं. बॅक बे हे जुन्या पैशाचं बॉस्टन. तिथे घर देणगीत मिळतं, आपल्या पहिल्या पिढीला स्वतःच्या घराचं डाउन पेमेंट जमवायचं होतं. आणि दोरिओ त्यांच्यात होते, आपल्यात नव्हते. पण आता आपल्यातही दोन-चार तरी त्या ऐपतीचे आहेत, मंडळाच्या कार्यक्रमात पहिल्या रांगेत बसतात.

बायकोला जायचं असेल तर एक सत्र करू द्या, लांबचं पॅकेज घेऊ नका. जुलैत बास्टिल डेला त्या रस्त्यावर जत्रा भरते, तेव्हा फुकटात नाही पण तिकीट काढून सगळ्यांची ओळख होते. गाडी घेऊन जाऊ नका, तिथलं पार्किंग फीपेक्षा महाग पडेल. फ्रेमिंगहॅमकडून येणार असाल तर कम्यूटर रेलने बॅक बे स्टेशन आणि तिथून चालत. ग्रीन लाइनने आलात तर आर्लिंग्टन.

फीचे आकडे मुद्दाम लिहिले नाहीत. ते बदलतात, आणि ते बघायचं काम तिचं आहे.