वाढावा कुणाचा, मत कुणाचं?

भांडवलशाही आणि तिचे पर्याय यांविषयी आलेल्या पत्रांतले चार प्रश्न या वेळी घेतले आहेत.

प्रश्न : यंत्रं मालकाची, कच्चा माल मालकाचा, बुडालं तर नुकसानही त्याचंच. मग मार्क्स ‘वरकड मूल्य’ कामगाराच्या खात्यात कुठल्या हिशेबाने टाकतो?

यंत्रं आणि कच्चा माल वजा करूनच तो हिशेब सुरू होतो. पैशाचं एकक कोणतंही धरा. एका कामगाराच्या आठ तासांच्या पाळीत ६० एककांचा कच्चा माल वापरला गेला, यंत्राची झीज २० झाली आणि तयार माल १६० ला गेला. ६० आणि २० जसेच्या तसे मालात उतरले. नवीन भर पडली ८० ची. मजुरी ४० असेल, तर ती चार तासांतच भरून निघाली. उरलेल्या चार तासांचे ४० हे वरकड मूल्य. ते सगळं मालकाच्या खिशात जातं असं नाही. जागेचं भाडं, कर्जाचं व्याज, व्यापाऱ्याचा हिस्सा यातूनच जातो.

वाद घालताना दोन दरांची सरमिसळ होते. वरकड मूल्याचा दर म्हणजे ४० भागिले मजुरीचे ४०, म्हणजे १०० टक्के. नफ्याचा दर म्हणजे ४० भागिले कच्चा माल, झीज आणि मजुरी मिळून झालेले एकूण १२०, म्हणजे साधारण ३३ टक्के. एकाने पहिला आकडा सांगायचा आणि दुसऱ्याने दुसरा, की भांडण मिटत नाही.

जोखमीबद्दल मार्क्सवादी उत्तर असं : वरकडातला वाटा कुणाच्या पदरात किती पडेल हे जोखमीने ठरेल, पण तो वरकड तयार होतो श्रमातून. हे सगळ्यांना पटलेलं नाही. यंत्रसामग्री जास्त लागणाऱ्या उद्योगांत किमती श्रममूल्याशी, म्हणजे वस्तूत घातलेल्या श्रमावरून ठरणाऱ्या मूल्याशी, जुळत नाहीत, हा ऑस्ट्रियन अर्थतज्ज्ञ ब्योम-बावेर्कचा १८९६ चा आक्षेप आजही चर्चेत आहे. पण श्रममूल्य सिद्धांत बाजूला ठेवला तरी एक प्रश्न उरतोच : त्या ४० चं काय करायचं, हे ठरवताना आठ तास राबणाऱ्याला मत का नाही? आमच्या मते टीकेची खरी धार तिथे आहे.

प्रश्न : आम्ही बाराजण मिळून कामगारांच्याच मालकीचा कारखाना काढणार आहोत. भागभांडवल आणि नफावाटपाची घडी कशी बसवावी? अशा संस्था पुढे साध्या कंपन्या होतात असं ऐकलं.

होतात, आणि त्याची कारणं बहुधा पहिल्याच पोटनियमांत सापडतात. अमेरिकेच्या वायव्य भागात १९२१ पासून कामगारांच्या मालकीचे प्लायवूड कारखाने निघाले. तिथे भाग विकता येत असे. कारखाना चांगला चालला तशी भागाची किंमत चढत गेली आणि नव्या कामगाराला ती परवडेना. मग पगारी माणसं ठेवली गेली, सभासद कमी होत गेले, आणि निवृत्तीला आलेल्या सभासदांना अख्खा कारखाना विकणंच फायद्याचं वाटू लागलं. दुसरी वाट इंग्लंडमधल्या रॉचडेलच्या सूतगिरणीची. १८५४ मध्ये सुरू झालेल्या या गिरणीत कामगारांना नफ्यात वाटा होता, पण भाग बाहेरच्यांनाही खुले होते. बाहेरचे भागधारक बहुसंख्य झाले आणि १८६२ मध्ये त्यांनी कामगारांचा वाटाच रद्द केला.

म्हणून मत भागाला जोडू नका, माणसाला जोडा. प्रवेशाची रक्कम सर्वांना सारखी ठेवा आणि ती पगारातून हप्त्याने भरण्याची सोय करा. भाग दुसऱ्याला विकता येऊ नये. सोडताना तो संस्थेलाच परत जावा. उमेदवारीचा काळ सहा महिने ते वर्षभर पुरतो. त्यानंतर सभासद करायचं की निरोप द्यायचा, एवढे दोनच पर्याय ठेवा. ‘तात्पुरता’ कामगार वर्षानुवर्षं तात्पुरता राहू लागला, की घसरण सुरू झाली असं समजा. स्पेनच्या १९९९ च्या सहकार कायद्याने बिगरसभासदांच्या कामाच्या तासांवर मर्यादा घातली ती याचसाठी.

वाढाव्याच्या, म्हणजे खर्च भागून उरलेल्या रकमेच्या, वाटपासाठी स्पेनच्या बास्क प्रांतातल्या मोंद्रागॉन या कामगार सहकारी संस्थांच्या समूहाची पद्धत अभ्यासण्याजोगी आहे. १९५६ मध्ये तिथली पहिली संस्था निघाली. समजा वर्षाचा वाढावा १०० आहे. १० शिक्षण आणि समाजकार्याला, निदान २० सामाईक राखीव निधीला. हा निधी कधीच वाटायचा नाही, संस्था बंद झाली तरीही नाही; त्यामुळे संस्था मोडून पैसे करण्याचा मोह राहत नाही. उरलेले जास्तीत जास्त ७० सभासदांच्या वैयक्तिक भांडवल खात्यांत, कामाचे तास आणि वेतनश्रेणी यांच्या प्रमाणात. ही रक्कम रोख हातात पडत नाही. ती खात्यात राहते, तिच्यावर व्याज मिळतं आणि मुद्दल मिळतं निवृत्तीला किंवा सोडून जाताना.

ही खाती नसली तर काय होतं? पाच वर्षांनी निवृत्त होणारा सभासद दहा वर्षांनी फळ देणाऱ्या यंत्राला हात वर करत नाही. त्याचंही चूक नाही, कारण त्या यंत्राचा लाभ त्याला मिळणारच नसतो. खात्यात आकडा दिसत असला की विरोध बराच मावळतो.

मात्र तोटाही याच खात्यांतून वजा व्हायला हवा, हे पहिल्या दिवशी लेखी असू द्या. परतावाही एकरकमी ठेवू नका. बारापैकी तिघं एकदम निघाली तर खेळतं भांडवल संपेल. तीन ते पाच वर्षांचे हप्ते बांधा. आणि सभासदांची बचत कर्ज म्हणून संस्थेत घालण्याचा मोह टाळा. मोंद्रागॉनमधलीच घरगुती उपकरणं बनवणारी फागोर २०१३ मध्ये बुडाली, तेव्हा तिला उसने पैसे दिलेल्या सभासदांचं भांडवलही गेलं आणि बचतही. नोकरी आणि पुंजी एकाच नावेत ठेवू नये.

प्रश्न : आता एवढे ताकदवान संगणक आहेत. मग बाजार मोडून सगळं नियोजनाने का करता येऊ नये?

किमतींशिवाय हिशेबच करता येणार नाही, हा बाजारवादी अर्थतज्ज्ञ मिझेसचा १९२० चा आक्षेप होता. समीकरणं सोडवण्यापुरता संगणक त्याला उत्तर देऊ शकेल. पण सोव्हिएत नियोजनाची मोठी अडचण समीकरणांत नव्हती, वर पाठवल्या जाणाऱ्या आकड्यांत होती. यंदाचं उद्दिष्ट ओलांडलं की पुढच्या वर्षी ते वाढवून मिळे. म्हणून व्यवस्थापक क्षमता लपवत, कच्चा माल गरजेपेक्षा जास्त मागून साठवत. उद्दिष्ट टनांत दिलं की माल जाडजूड व्हायचा, नगांत दिलं की बारीक. खोटा आकडा कितीही वेगाने सोडवला तरी खोटाच.

चिलीत १९७१ ते १९७३ या काळात सायबरसिन नावाचा वेगळा प्रयोग झाला. कारखाने टेलेक्सने रोजची माहिती पाठवत आणि केंद्राने लगेच हस्तक्षेप न करता आधी कारखान्याला स्वतः दुरुस्तीसाठी मुदत द्यावी, अशी रचना होती. लष्करी उठावाने तो संपला, त्यामुळे यश-अपयशाचे ठाम दावे दोन्ही बाजूंनी जपूनच करावेत.

प्रश्न : सामाईक मालकीची साधनं नासतातच ना?

नासतात ती बहुतेक बिनमालकीची. सामाईक मालकीला हद्द असते, सभासदांची यादी असते आणि नियम मोडणाऱ्याला दंड असतो. स्वित्झर्लंडमधल्या टोरबेल गावाचा १५१७ चा नियम पाहा : हिवाळ्यात स्वतःच्या चाऱ्यावर जितक्या गाई पोसता येतील, तितक्याच उन्हाळ्यात सामाईक कुरणावर सोडायच्या. देखरेख करणाऱ्याला दंडाचा अर्धा वाटा मिळे. एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी अशी उदाहरणं तपासली. त्यांना २००९ चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. जमिनीला, पाण्याला, जंगलाला हे लागू पडतं. हद्द आखणंच अशक्य असलेल्या वातावरणासारख्या गोष्टींना गावपातळीवरचे हे नियम पुरत नाहीत. तिथे देशादेशांमध्ये करार लागतात, आणि दंड वसूल कोण करणार हा पेच तिथे कायम आहे.