कोटी मुलांनाच पकडू द्या

प्रश्न : आठवीला श्लेष शिकवताना मी कोटी करते, पण दोघेतिघेच हसतात. काय करावे? – एक शिक्षिका, कोल्हापूर

उत्तर : कोटी समजावून सांगितली की तिची गंमत जाते. फळ्यावर एवढेच लिहा : 'पंचगंगा काय, आजीचे लुगडे काय, शोभा काठाचीच!' दोन मिनिटे काही बोलू नका. दोन्ही अर्थ मुलांनी वहीत लिहावेत. अलंकाराचे नाव त्यानंतर. मग जोडीने 'पाट', 'माळ', 'वर' यांवर वाक्ये करू द्या. शब्द एकदाच यावा. दोनदा येऊन अर्थ बदलला तर ते यमकाकडे झुकते. शहरातल्या मुलांना पाट म्हणजे कालवा हे बहुधा ठाऊक नसते, तिथेच कोटी फसते. म्हणून अर्थ आधी विचारून घ्या. आडनाव, रंग, बोली यांवर मात्र कोटी कधीच नको. वर्ग हसतो, ते मूल मिटते.