सुत्रादारा म्हणजे आपला सूत्रधारच का?

प्रश्न असा आला आहे : ‘ओटीटीवर एक इंडोनेशियन भयपट पाहिला. नामावलीत एका नावाआधी ‘सुत्रादारा’ असं लिहिलं होतं. हा आपला सूत्रधार का? असेल तर तो नेमकं काय करतो? आणि तिथल्या प्रत्येक प्रेमगीतात ऐकू येणारी ‘चिंता’ कसली?’

हो, तो सूत्रधारच आहे. मात्र तिथे तो दिग्दर्शक असतो.

उच्चाराचं कोडं सोपं आहे. इंडोनेशियन भाषेत महाप्राण व्यंजनं नाहीत, त्यामुळे ‘ध’चा ‘द’ होतो. ‘भाषा’ तिथे ‘बहासा’ होते ती याच खोडीमुळे. ऱ्हस्वदीर्घाचा भेदही नाही. गंमत पुढे आहे. आजच्या इंडोनेशियनमध्ये ‘सुत्रा’ म्हणजे रेशीम (मूळ अर्थ धागा, म्हणजे फार लांब गेलेलं नाही) आणि ‘दारा’ म्हणजे तरुण मुलगी. संस्कृतचा गंध नसलेल्या माणसाने हा शब्द फोडला तर हाती लागेल रेशमी पोरगी.

अर्थाची फाटाफूट जास्त रंजक आहे. सूत्रधार म्हणजे दोरी धरणारा. ओळंबा-दोरी धरणाराही तोच, आणि आपला ‘सुतार’ याच शब्दातून झिजत आलाय. संस्कृत नाटकात तो नांदीनंतर येऊन खेळ सुरू करून देतो. मराठीत आज त्याच्या वाट्याला काय आलंय? वर्तमानपत्रातली नाटकाची जाहिरात पाहा. लेखक, दिग्दर्शक, नेपथ्य, संगीत झालं की कोपऱ्यात बारीक अक्षरात ‘सूत्रधार’. नाट्यगृहाच्या तारखा मिळवणं, दौऱ्याची बस ठरवणं, सेटचा टेम्पो वेळेत पोचवणं ही त्याची कामं. त्याच वर्तमानपत्राच्या पहिल्या पानावर मात्र ‘दरोड्याच्या सूत्रधाराला अटक’.

इंडोनेशियात या दुसऱ्या अर्थासाठी वेगळाच माणूस पकडतात : ‘दालांग’. दालांग म्हणजे जावाच्या वायांग खेळात पडद्यामागे बसून चामड्याच्या बाहुल्या नाचवणारा, सगळ्या पात्रांचे आवाज एकटा काढणारा कलावंत. तिथल्या बातम्यांत कटामागचा मेंदू ‘दालांग’ असतो. थोडक्यात, आपण नाटकवाल्याला बदनाम केलं, त्यांनी बाहुलीवाल्याला. डाव एकच, प्यादी वेगळी.

मग आपणही दिग्दर्शकाला सूत्रधार म्हणावं का, असं कुणी सुचवेलच. माझं मत विचाराल तर नको. ‘दिग्दर्शक’ हा शब्द सावरकरांच्या देणगीत मोजला जातो, उत्तम रुळलाय, आणि सूत्रधाराच्या डोक्यावर आधीच दोन टोप्या आहेत.

तिथल्या करमणुकीच्या दुनियेत असे ओळखीचे चेहरे पावलोपावली भेटतात. ‘दुनिया’सुद्धा, विश्वचषकाला ते ‘पियाला दुनिया’ म्हणतात. पियाला म्हणजे आपला प्यालाच, फारसीतून तिकडे गेलेला. राष्ट्रीय चित्रपट पुरस्काराचं नाव ‘पियाला चित्रा’. चित्रा म्हणजे प्रतिमा. इंडोनेशियन सिनेमाचे जनक मानले जाणारे उस्मार इस्माइल यांच्या १९४९च्या एका चित्रपटाचं नावही तेच. त्यांच्या पुढच्या चित्रपटाचं चित्रीकरण ३० मार्च १९५० रोजी सुरू झालं आणि तो दिवस आता तिथे राष्ट्रीय चित्रपट दिन आहे. टीव्हीवरचा कार्यक्रम म्हणजे ‘अचारा’, आपल्या ‘आचार’मधून आलेला, सूत्रसंचालक ‘पम्बावा अचारा’, म्हणजे कार्यक्रम आणणारा. मालिकेचा शब्द मात्र घरी घडवलेला : ‘सिनेमा एलेक्त्रोनिक’चे तुकडे जोडून ‘सिनेत्रॉन’. १९८९मध्ये पहिली खाजगी वाहिनी आली आणि पुढच्या दशकात हा शब्द घराघरांत गेला.

आता ती चिंता. इंडोनेशियनमध्ये ‘चिन्ता’ म्हणजे प्रेम. संस्कृतात चिंता म्हणजे आधी नुसता विचार, मनात घोळणं. मराठीत घोळता घोळता त्याची काळजी झाली. मलाय भाषेत, म्हणजे इंडोनेशियन जिच्यातून घडली तिच्यात, झुरणं झालं आणि झुरण्याचं प्रेम. तिथल्या प्रमाणकोशात ‘चिन्ता’च्या अर्थांमध्ये अगदी शेवटी ‘मनाची घालमेल, काळजी’ हा जुना अर्थ अजून नोंदलेला आहे. म्हणजे फाटा कुठे फुटला ते कोशातच दिसतं.

नव्वदीच्या दशकात तिथला सिनेमा जवळपास बसला होता. तो उठवणाऱ्या चित्रपटांत २००२चा ‘आदा आपा दङान चिन्ता?’ अग्रभागी. सुत्रादारा रूडी सुजार्वो. शाळकरी नायिकेचंच नाव चिन्ता, त्यामुळे शीर्षकाचे दोन अर्थ होतात : ‘चिन्ताला झालंय काय?’ आणि ‘हे प्रेमाचं काय चाललंय?’ मराठी कानाला यात तिसरा अर्थ ऐकू येतो, तो त्यांच्या गावीही नसेल.

गावावरून आठवलं. तुम्ही पाहिलेला भयपट २०२२चा ‘काकाएन दि देसा पनारी’ असेल, ज्याची ९० लाखांहून जास्त तिकिटं खपली, तर त्यातल्या ‘देसा’ने फसू नका. तो ‘देश’ खरा, पण तिथे त्याचा अर्थ खेडं. ‘काकाएन’ म्हणजे के-के-एन, कॉलेजच्या मुलांनी गावात राहून करायचं सेवाकार्य; पुढचं नाव ‘नर्तकीच्या गावात’ असं. आपल्याकडे तरी घाटावरचा माणूस ‘देशावरचा’ असतोच की.