१९८२ मध्ये रंगीत प्रक्षेपण आल्यावर जुने टीव्ही बाद झाले का? आणि नागपुरात दिल्लीचं चित्र यायचं कसं?

जुने संच अजिबात बाद झाले नाहीत. आपण रंगीत प्रक्षेपणाची पाल (PAL) ही पद्धत घेतली. ६२५ रेषा, सेकंदाला २५ चित्रं, ७ मेगाहर्ट्झचा चॅनल, ही सगळी मापं आधीचीच ठेवली. कॅमेऱ्यातला लाल, हिरवा आणि निळा अनुक्रमे ३०, ५९ आणि ११ टक्के मिसळून उजेडाचा सिग्नल बनतो, आणि ब्लॅक अँड व्हाइट संच तेवढाच वाचतो. रंगाची माहिती ४.४३ मेगाहर्ट्झच्या वेगळ्या लहरीवर बसवलेली असते. जुन्या पडद्यावर तिच्यामुळे कधी बारीक ठिपक्यांची जाळी दिसायची, एवढंच.

रंगीत संचाची गंमत वेगळी. सिग्नल कमी पडला की आधी रंग जातो, चित्र राहतं. प्रत्येक रेषेच्या सुरुवातीला रंगाचा एक छोटा संदर्भ-सिग्नल येतो, त्याला बर्स्ट म्हणतात. तो कमजोर झाला की 'कलर किलर' सर्किट रंग बंद करून टाकतं, नाहीतर पडदाभर रंगीत मुंग्या दिसतील. म्हणून त्या काळात रंग गेला की संच उघडण्याआधी गच्चीवर जाणंच शहाणपणाचं होतं. अँटेनापासून संचापर्यंत येणारी फ्लॅट वायर पत्र्याला किंवा लोखंडी पाइपला टेकलीय का, अँटेनाच्या पेटीतले स्क्रू गंजलेत का, हे आधी बघायचं. सिग्नल वाढवणारा बूस्टर लावायचाच तर वर, अँटेनाजवळ. वायरमध्ये गळालेला सिग्नल टीव्हीमागे ठेवलेला बूस्टर परत आणत नाही, उलट मुंग्याही वाढवतो.

आता दिल्लीचं चित्र. १५ ऑगस्ट १९८२ ला रंगीत प्रक्षेपण आणि राष्ट्रीय कार्यक्रम दोन्ही सुरू झाले. पुढे १९ नोव्हेंबर ते ४ डिसेंबर दिल्लीत एशियाड, म्हणजे आशियाई क्रीडा स्पर्धा, झालं. लोकांच्या लक्षात रंग राहिला, पण माझं ठाम मत आहे की त्या वर्षाची खरी मोठी गोष्ट राष्ट्रीय कार्यक्रम हीच. देशभराच्या केंद्रांवर एकाच वेळी एकच चित्र दाखवायचं तर ते आधी तिथपर्यंत न्यावं लागतं. नागपूर दिल्लीपासून हवाई अंतराने साधारण ८५० किलोमीटर, मुंबईपासून ७०० च्या आसपास. टीव्ही प्रक्षेपणाच्या व्हीएचएफ लहरी जवळपास सरळ रेषेत जातात, त्यामुळे दिल्लीच्या मनोऱ्याची लहर इथवर येणं शक्यच नव्हतं.

त्यासाठीच इन्सॅट-१ए हा उपग्रह १० एप्रिल १९८२ ला सोडला होता. सूर्यप्रकाशाच्या दाबापुढे त्याचा तोल राखणारं सौर शीड उघडलं नाही, पुढे दिशा सांभाळायचं इंधन संपलं आणि सप्टेंबरातच तो निकामी म्हणून सोडून द्यावा लागला. एशियाड दोन महिन्यांवर आलेलं आणि हातात स्वतःचा उपग्रह नाही! मग परदेशी उपग्रहावर जागा भाड्याने घेऊन आणि जमिनीवर मनोऱ्यावरून मनोऱ्याकडे सिग्नल पुढे देणाऱ्या मायक्रोवेव्ह साखळीवर काम निभावलं. हे ज्या अभियंत्यांनी पार पाडलं त्यांचं कौतुक फार कमी झालं. ३० ऑगस्ट १९८३ ला चॅलेंजर यानातून इन्सॅट-१बी गेला, तेव्हा कुठे व्यवस्था पक्की झाली, आणि १९८४ मध्ये काही महिने जवळपास रोज एक ट्रान्समीटर उभा राहिला.

उपग्रहावरून केंद्रापर्यंत आलेलं चित्र घरापर्यंत जायला तेव्हा पुन्हा मनोरा लागायचाच. नागपूर दूरदर्शनचा मनोरा सेमिनरी हिल्सवर आहे, आणि टेकडीची उंची फुकट मिळते हा मोठाच फायदा. पल्ल्याचा ढोबळ हिशेब असा: दोन्ही अँटेनांच्या मीटरमधल्या उंचीची वर्गमुळं काढा, बेरीज करा, ४.१२ ने गुणा. १०० मीटरचा मनोरा आणि घरावर ९ मीटरचा पाइप धरला तर साधारण ५४ किलोमीटर. एवढ्यात उमरेड आरामात बसायचं. वर्ध्याला मात्र जास्त उंच पाइप, जास्त कांड्यांची अँटेना आणि बूस्टर, तिन्ही लागायचं.