मॉडेल हवेत असल्याचे फोटो काढायला ट्रॅम्पोलीन खरंच लागतो का?

अगदीच अडतं असं नाही, पण फरक चेहऱ्यावर दिसतो. जमिनीवरून उडी मारताना सगळा जोर मॉडेलचा, त्यामुळे ओठ आवळलेले, मानेच्या शिरा ताणलेल्या. ट्रॅम्पोलीनवर ती मेहनत स्प्रिंगा करतात आणि मॉडेलला हात, नजर सांभाळता येते. छोटा ट्रॅम्पोलीनही पुरतो.

खरी गंमत बटण कधी दाबायचं यात आहे. वर जाताना फ्रॉकचं कापड अंगाला चिकटतं. सगळ्यात वर शरीर क्षणभर थांबतं आणि खाली यायला लागलं की घेर छत्रीसारखा फुलतो. तोच क्षण पकडा. जरा उशीर झाला की फ्रॉक थेट तोंडावर! (आत शॉर्ट्स घालायला सांगाच.)

उन्हात शटर १/१००० सेकंद किंवा त्याहून वेगवान ठेवा. अंधाऱ्या स्टुडिओत मात्र हालचाल शटर नाही, फ्लॅश गोठवतो, म्हणून त्याची पॉवर कमी ठेवा. कॅमेऱ्यावरचा साधा फ्लॅश पॉवर कमी केली की कमी वेळ पेटतो; १/१६ पॉवरला साधारण १/१०,००० सेकंदच. कॅमेरा खालून लावलात तर उडी उंच वाटते.

हील्स हव्याच असतील तर ट्रॅम्पोलीन विसरा. जाळी फाटते, घोटाही मुरगळतो.