वादी गैरहजर म्हणून जमिनीचा दावा निकाली काढला. वकील म्हणतात नवा दावा लावू. काय करावं?

नवा दावा लावायची घाई करू नका. हा सल्ला इतका सर्रास दिला जातो की संताप येतो, कारण त्यात पक्षकाराचा हक्कच बुडू शकतो.

आधी रोजनामा (कोर्टातल्या त्या त्या तारखेच्या कामकाजाची नोंद) आणि निशाणी १ खालचा, म्हणजे दाव्याच्या अर्जावर झालेला, आदेश वाचा. त्या तारखेला प्रतिवादी किंवा त्याचे वकील हजर होते का? कोणीच नसेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ९ चा नियम ३ लागतो. मग नियम ४ प्रमाणे रिस्टोरेशनचा, म्हणजे तोच दावा पुन्हा चालू करण्याचा, अर्ज देता येतो किंवा दावा लावायची मुदत उरली असेल तर नवा दावाही लावता येतो. पण कोर्ट फी पुन्हा भरावी लागते आणि जुन्या दाव्यात गेलेली वर्षं मुदतीतून वजा होत नाहीत. प्रतिवादी हजर होता आणि तुमच्याकडून कोणी नव्हतं, तर नियम ८. तिथे नियम ९ मुळे त्याच कारणावरून नवा दावा चालत नाही, रिस्टोरेशन हाच रस्ता.

अर्जाची मुदत ३० दिवस, तीही आदेशाच्या तारखेपासून, तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नाही. नकलेसाठी थांबू नका, ते दिवस वजा मिळत नाहीत. मुदत टळली असेल तर मुदत कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबतच लावा.

अर्ज पडतो तो प्रतिज्ञापत्रात. लोक जमिनीचा सगळा इतिहास लिहून काढतात. कोर्टाला फक्त एवढंच हवं असतं, की पुकारा झाला तेव्हा तुम्ही कुठे होता आणि तुमचे वकील कुठे होते. ‘प्रकृती बरी नव्हती’ एवढ्यावर भागत नाही, त्या तारखेचे दवाखान्याचे कागद जोडा. वकील दुसऱ्या कोर्टात अडकले असतील तर तिथल्या रोजनाम्याची नक्कल. त्यांनी तारीखच चुकीची टिपली असेल तर त्यांचं स्वतःचं प्रतिज्ञापत्र आणि डायरीच्या त्या पानाची झेरॉक्स. इथेच गाडं अडतं. आपली चूक कागदावर यायला नको, म्हणून काही वकील नवा दावा सुचवतात, हे माझं स्पष्ट मत आहे. वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको, असं सर्वोच्च न्यायालयाने रफिक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात १९८१ मध्येच सांगितलं आहे. अर्थात वर्षानुवर्षं तारखेची चौकशीच न करणाऱ्याला त्याचा आधार मिळेलच असं नाही.

नियम ९ चा अर्ज फेटाळला तर त्याच संहितेच्या आदेश ४३ खाली अपील आहे.

दावा वाटपाचा असेल तर गोष्ट वेगळी. मिळकत एकत्र असेपर्यंत वाटप मागण्याचा हक्क चालू राहतो, त्यामुळे तिथे नवा दावा चालतो. आणि आदेशात ‘पुरावा न दिल्याने दावा फेटाळला’ असं गुणदोषावर लिहिलं असेल, तर रिस्टोरेशन नाही, थेट अपील. मनाई हुकूम होता का तेही पाहा. दावा गेला की तोही जातो, म्हणून तो पूर्ववत करण्याची विनंती रिस्टोरेशनच्या अर्जातच लिहा.