यंत्रमागावर शूटिंग करायला निघालायस तर

इचलकरंजीला जातोयस, छान. मालकाने हो म्हटलं तरी कामगारांना वेगळं विचार. पहिले तीन-चार दिवस कॅमेरा पिशवीतच राहू दे; ते तुझ्याकडे बघायचे थांबले की मग काढ. ट्यूबलाइटखाली सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर १/५० सेकंदावर ठेव, नाहीतर चित्र लुकलुकतं.

धोट्याच्या, म्हणजे आडवं सूत इकडून तिकडे नेणाऱ्या मागाच्या भागाच्या, खडखडाटात बोलणं टिपायचा हट्ट नको. तिथली माणसं खुणांनी बोलतात, तेच बघ. सूत तुटतं, माग थांबतो, बोटं गाठ मारतात, माग पुन्हा सुरू होतो. एवढं सगळं एका शॉटमध्ये, न कापता घे. मी घाईत मधेच थांबायचो, त्याची हळहळ अजून आहे. आणि वीज गेली की रेकॉर्डिंग बंद करू नकोस. माग गप्प होतात, तेव्हाच लोक बोलायला लागतात.